प्रकृती कशी आहे?

वाग्भटाच्या ‘अष्टांगहृदया’त रोगी तपासण्याचे तीन मार्ग सांगितले आहेत : दर्शन, स्पर्शन आणि प्रश्न. डोळ्यांनी पाहावे, हातांनी चाचपावे आणि तोंडाने विचारावे. यांपैकी पहिल्या दोहोंच्या मदतीस गेल्या दोनशे वर्षांत नवनवी उपकरणे आली. १८१६ साली लेनेक या फ्रेंच वैद्याने कागदाची सुरळी करून ती रोग्याच्या छातीस लावली आणि स्टेथॉस्कोपाचा जन्म झाला. १८९५ साली राँटगेन यांना क्ष-किरण सापडले आणि देहाच्या आतला मुलूख दृष्टीस मोकळा झाला. तिसरा मार्ग मात्र वरकरणी होता तेथेच राहिला. आजचा नामांकित डॉक्टरही रोग्यास समोर बसवून ‘काय होते आहे?’ असेच विचारतो, आणि हजार वर्षांपूर्वीच्या वैद्यानेही याहून निराळे काही विचारले नसेल.

तथापि प्रश्नाच्याही इतिहासात एक मोठे स्थित्यंतर घडून आले आहे. वैद्य विचारतो तेव्हा उत्तर देणारा त्याच्या समोर असतो. उत्तर पटले नाही तर त्याला नाडी पाहता येते, जीभ पाहता येते, घरच्या माणसांस बाजूला घेऊन चौकशी करता येते. संशोधकाचे तसे नाही. तो एकच प्रश्न शंभर लोकांस, प्रसंगी लाख लोकांस विचारतो, आलेली उत्तरे मोजतो आणि त्या मोजणीवरून मनुष्याच्या मनाविषयी किंवा एखाद्या प्रांताच्या आरोग्याविषयी सिद्धांत बांधतो. उत्तर देणारा त्याला पुन्हा भेटत नाही. मनुष्याने स्वतःविषयी दिलेल्या या साक्षीवर किती विसंबावे, हा वाद त्या दिवसापासून सुरू झाला आणि तो अद्याप मिटलेला नाही.

या पद्धतीचे जनकत्व बहुधा सर फ्रान्सिस गाल्टन यांच्याकडे देण्यात येते. जे जे दिसेल ते ते मोजावयाचे असा या इंग्रज गृहस्थांचा बाणा होता. १८७९ च्या अखेरीस त्यांनी आपल्या ओळखीच्या विद्वानांकडे एक प्रश्नपत्रिका धाडली. आज सकाळी न्याहारीस बसताना समोर जे टेबल दिसले ते मनश्चक्षूंपुढे उभे करावे, आणि ते चित्र लख्ख आहे की अंधुक, वस्तूंच्या कडा ठसठशीत आहेत की नाहीत, मांस, पाव, चिनी मातीची भांडी यांचे रंग जसेच्या तसे दिसतात की नाही, हे लिहून कळवावे, असा तिचा आशय होता. गाल्टन यांचे मामेभाऊ चार्ल्स डार्विन यांनीही ती भरून पाठविली. पुढे चार्टरहाउस या शाळेतील १७२ मुलांकडूनही अशीच उत्तरे मिळाली. १८८० साली ‘माइंड’ या त्रैमासिकात गाल्टन यांनी आपला निष्कर्ष मांडला, आणि तो वाचून पुष्कळांस नवल वाटले. शास्त्रज्ञ मंडळींपैकी बहुतेकांना असले चित्र मुळी दिसतच नाही, उलट सामान्य संसारी माणसांस, विशेषतः स्त्रियांस व मुलांस, ते अगदी स्पष्ट दिसते, असे त्यांचे म्हणणे होते. अमूर्त विचारांची सवय जडली म्हणजे चित्र पाहण्याची शक्ती मंदावते, अशी त्याची उपपत्तीही त्यांनी लावली.

हा निष्कर्ष शंभराहून अधिक वर्षे मानसशास्त्राच्या ग्रंथांतून फिरत राहिला. २००६ साली अमेरिकेतील दोन संशोधकांनी गाल्टन यांचीच सामग्री पुन्हा तपासली, आणि हयात शास्त्रज्ञांस व विद्यार्थ्यांस तेच प्रश्न नव्याने विचारले. शास्त्रज्ञांस मानसचित्रे दिसत नाहीत या म्हणण्यास आधार सापडला नाही. चार-दोन मंडळींनी ठासून नकार दिला की तो नकार मनात घर करून राहतो आणि बाकीची साधी होकारार्थी पत्रे मागे पडतात, हा अनुभव कोणत्याही संपादकास नवा नाही.

परंतु गाल्टन यांचा निष्कर्ष चुकला म्हणून ते नकार देणारे खोटे बोलत होते असे मात्र ठरत नाही. ज्यांना मिटल्या डोळ्यांपुढे खरोखरच काही दिसत नाही अशी थोडी माणसे जगात आहेत, आणि २०१५ साली इंग्लंडातील मज्जातंतुतज्ज्ञ ॲडम झेमन व त्यांचे सहकारी यांनी या स्थितीस ‘अफँटेशिया’ असे नावही दिले. न्याहारीच्या टेबलापाशी उभी राहिलेली खरी अडचण याहून खोल होती. दोघांना सारखेच चित्र दिसत असले तरी एक त्याला ‘स्पष्ट’ म्हणेल, दुसरा ‘अंधुक’ म्हणेल. एकाचे चित्र दुसऱ्याला पाहता येत नाही, त्यामुळे ‘स्पष्ट’ या शब्दाचे माप दोघांकडे एकच आहे की नाही हे कळण्यास वाट नाही. पुढील सव्वाशे वर्षांतील सगळे वाद या एका अडचणीची निरनिराळी रूपे आहेत असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही.

ही अडचण टाळण्याचा एक उपाय जर्मनीत योजण्यात आला. साध्या माणसाची साक्ष कच्ची असेल तर साक्षीदार शिकवून तयार करावे. व्हुंट यांनी १८७९ साली लाइपझिग येथे प्रयोगशाळा काढली. तिच्या पठडीत तयार झालेले निरीक्षक स्वतःच्या मनातील घडामोडींचे काटेकोर वर्णन करण्याचा सराव करीत. परंतु विसाव्या शतकाच्या आरंभी वुर्झबर्ग येथील निरीक्षक सांगू लागले की चित्रावाचूनही विचार चालतो, तर अमेरिकेतील कॉर्नेल विद्यापीठात टिचनर यांचे निरीक्षक सांगू लागले की चित्रावाचून विचार होतच नाही. दोन्हीकडचे साक्षीदार तरबेज होते आणि दोन्हीकडे गुरूच्या मताशी जुळणारी साक्ष मिळत होती. पंच कोणास नेमावे? या तंट्यास कंटाळून जॉन वॉटसन यांनी १९१३ साली जाहीर केले की मनुष्य काय सांगतो ते सोडून द्यावे आणि तो काय करतो तेवढेच पाहावे. त्यांच्या अनुयायांनी अमेरिकेतील कित्येक विद्यापीठांतून अंतर्निरीक्षणाची हकालपट्टी केली.

विद्यापीठातून जे हाकलले ते लवकरच सैन्याच्या छावणीत परत आले. पहिल्या महायुद्धात तोफांच्या भडिमाराखाली हजारो धडधाकट सैनिकांचे मन कोलमडले. १९१७ साली अमेरिका युद्धात उतरली तेव्हा असे सैनिक आघाडीवर जाण्यापूर्वीच निवडून काढता येतील काय, हा प्रश्न पुढे आला. लक्षावधी तरुणांस एकेक करून तपासण्याइतके मानसवैद्य त्या देशात नव्हते. कोलंबिया विद्यापीठातील रॉबर्ट वुडवर्थ यांनी मनोरुग्णांच्या हकिकती चाळून लक्षणे गोळा केली आणि त्यांचे ‘होय’ किंवा ‘नाही’ एवढेच उत्तर मागणारे प्रश्न बनविले. झोप नीट लागते काय, नदीवरचा पूल ओलांडताना जीव घाबरा होतो काय, अशा धर्तीचे ते प्रश्न होते. यांत वुडवर्थ यांची एक युक्ती ध्यानात ठेवण्यासारखी आहे. ते प्रश्न त्यांनी आधी निरोगी माणसांस घातले, आणि ज्या लक्षणाला निरोगी माणसेही मोठ्या संख्येने ‘होय’ म्हणाली तो प्रश्न काढून टाकला. शेवटी ११६ प्रश्न उरले. तोवर युद्ध संपले आणि ती यादी आघाडीच्या कामी आली नाही. परंतु पुढे निघालेल्या शेकडो प्रश्नावल्यांची ती मूळ प्रत ठरली.

छावणीत प्रामाणिकपणाचा प्रश्न अर्थातच उभा राहतो. घरी जाण्यास उत्सुक असलेला जवान सगळ्याच प्रश्नांस ‘होय’ म्हणेल. मर्दुमकीची हौस असलेला सगळ्यांस ‘नाही’ म्हणेल. यावर मिनेसोटा विद्यापीठातील हॅथवे आणि मॅकिन्ली यांनी १९४३ साली प्रसिद्ध केलेल्या लांबलचक प्रश्नावलीत एक सापळा बसविला. पाचशेहून अधिक विधानांत त्यांनी पंधरा विधाने अशी पेरली की त्यांत कबूल करावयाचा दोष अगदी क्षुल्लक आणि सर्वांच्या ठायी असणारा होता : कधीमधी राग येणे, आजचे काम उद्यावर ढकलणे वगैरे. यांतील एकही दोष ज्याच्या ठायी नाही असा पुण्यात्मा भेटला की त्याच्या इतर उत्तरांकडेही सावधपणे पाहावयाचे. सापळा चतुर होता खरा, परंतु त्यात सापडत असे तो जाणूनबुजून लपविणारा मनुष्य. ज्याला स्वतःलाच ठाऊक नाही तो कोणत्या सापळ्यात सापडावा? १९७७ साली निस्बेट आणि विल्सन यांनी एका दुकानातील प्रयोगाची हकीकत प्रसिद्ध केली. नायलॉनच्या मोज्यांच्या चार जोड्या ओळीने मांडून त्यांतील सर्वांत चांगली कोणती, असे गिऱ्हाइकांस विचारण्यात आले. चारही जोड्या तंतोतंत सारख्या होत्या. डाव्या टोकाची जोडी १२ टक्के लोकांनी निवडली, उजव्या टोकाची ४० टक्के लोकांनी. कारण विचारले असता कोणी वीण सांगितली, कोणी तलमपणा. ‘ती उजवीकडे होती म्हणून’ असे एकानेही सांगितले नाही. या गिऱ्हाइकांपैकी खोटे कोणीच बोलत नव्हते.

इतके ऐकल्यावर वॉटसन यांचेच खरे, असे कोणाच्याही मनात येईल. परंतु त्याच सुमारास लंडनमध्ये जे घडले ते आरोग्यशास्त्राच्या इतिहासात अपूर्व होते, आणि ते केवळ विचारून घडले. दुसऱ्या महायुद्धाच्या सुमारास इंग्लंडात फुप्फुसाच्या कर्करोगाने मरणारांची संख्या भयंकर वेगाने वाढली होती. कोणी मोटारींच्या धुरास दोष देत होते, कोणी रस्त्यावरील डांबरास. ब्रॅडफर्ड हिल हे संख्याशास्त्रज्ञ आणि रिचर्ड डॉल हे तरुण डॉक्टर यांनी १९४८ पासून लंडनच्या वीस रुग्णालयांत या रोगाच्या रोग्यांची, आणि तितक्याच वयाच्या इतर रोग्यांची, मुलाखत घेण्याची व्यवस्था केली. तंबाखू ओढता काय, केव्हापासून, दिवसास किती, मध्ये कधी सोडली होती काय, असे प्रश्न होते. ज्याने निदान एक वर्षभर रोज निदान एक सिगारेट ओढली आहे तो धूम्रपान करणारा, अशी व्याख्या आधीच ठरवून घेतली होती. म्हणजे ‘तशी सवय नाही, कधीतरी ओढतो’ या उत्तराची पळवाट बुजली.

१९५० च्या सप्टेंबरात ‘ब्रिटिश मेडिकल जर्नल’मध्ये त्यांचा निबंध आला. कर्करोग झालेल्या ६४९ पुरुषांत धूम्रपान न करणारे अवघे दोन होते. तितक्याच इतर पुरुषांत ते २७ होते. परंतु या आकड्यांहूनही मनात भरते ती त्या दोघांनी स्वतःच्याच पुराव्यावर घेतलेली उलटतपासणी. माणसांस आपल्या सवयी बरोबर आठवतात काय? ५० रोग्यांस त्यांनी सहा महिने वा अधिक काळ लोटल्यावर तेच प्रश्न पुन्हा विचारले. बारीकसारीक फरक पडला, पण एकंदर उत्तरे जुळली. छातीचा रोग झाला म्हणून मनुष्य आपल्या सिगारेटी वाढवून तर सांगत नसेल? किंवा मुलाखत घेणारी बाई, समोरचा रोगी कर्करोगाचा आहे हे ठाऊक असल्यामुळे, नकळत त्याच्याकडून जास्त कबुली काढून घेत नसेल? येथे दैवाने त्यांस मदत केली. काही रोग्यांस आरंभी कर्करोगाचे समजण्यात आले होते आणि मागाहून निदान बदलले. मुलाखतीच्या वेळी रुग्णालय आणि मुलाखत घेणारी बाई, दोघेही त्यांस कर्करोगीच समजत होते. त्यांची उत्तरे पाहता ती कर्करोग्यांसारखी आली नाहीत, इतर रोग्यांसारखी आली. शंका फिटली. १९५१ साली हिल व डॉल यांनी ब्रिटनमधील डॉक्टरांसच पत्रे पाठविली, आणि सुमारे ४०,००० डॉक्टरांनी आपल्या सवयी लिहून कळविल्या. त्या डॉक्टरांच्या मृत्यूची नोंद पुढे पन्नास वर्षे ठेवण्यात आली. जगभर आज सिगारेटच्या पाकिटावर जो इशारा छापलेला दिसतो त्याच्या मुळाशी माणसांनी स्वतःविषयी दिलेली ही उत्तरे आहेत.

येथे यश आले याचे एक कारण असे की प्रश्न सिगारेटींचा होता. सिगारेटी मोजता येतात. ‘दिवसास पंधरा’ याचा अर्थ लंडनमध्ये आणि लातुरात एकच. प्रकृतीची गोष्ट निराळी, आणि ती किती निराळी हे लंडनच्या आधीच, कलकत्त्याजवळ, कागदावर उतरले होते. फक्त त्याचा अर्थ कोणी लावला नव्हता.

१९४३ साली बंगालात महाभयंकर दुष्काळ पडला. दुसऱ्या वर्षी, म्हणजे १९४४ साली, कलकत्त्याच्या अखिल भारतीय आरोग्यशास्त्र व सार्वजनिक आरोग्य संस्थेने सिंगूर या भागात घरोघर प्रकृतीची पाहणी केली. पाहणीत विधुर होते, विधवाही होत्या. आपण आजारी आहोत किंवा आपली प्रकृती यथातथाच आहे, असे विधुरांपैकी ४८.५ टक्के लोकांनी सांगितले. विधवांपैकी असे सांगणाऱ्या २.५ टक्के निघाल्या. यांतही नुसत्या ‘यथातथा’चा हिशेब घेतला तर विधुर ४५.६ टक्के, आणि विधवा शून्य. एकही नाही!

त्या काळच्या बंगाली विधवेचे जिणे कसे होते हे सांगण्याची जरुरी नाही. एकभुक्त राहणे, एकादशीस पाणीही न घेणे, मासळी वर्ज्य, घरातील सर्वांचे झाल्यावर उरेल ते पानात. महाराष्ट्रातील जुन्या घरांतूनही हे चित्र फार वेगळे नव्हते. दुष्काळाच्या दुसऱ्या वर्षी अशा स्त्रियांची प्रकृती पुरुषांहून कित्येक पटींनी चांगली होती असे कोणीही शहाणा मनुष्य म्हणणार नाही. चाळीस वर्षांनंतर अमर्त्य सेन यांनी हे विसरलेले आकडे पुन्हा उजेडात आणले आणि त्यांचा खरा अर्थ सांगितला. ‘यथातथा’ म्हणण्यास मनुष्याजवळ काहीतरी अपेक्षा असावी लागते. यापेक्षा बरे असता येते, आणि तसे असण्याचा आपल्याला हक्क आहे, असे ज्याला वाटते तोच आपल्या प्रकृतीस यथातथा म्हणतो. ज्या बाईला आयुष्यात कोणी प्रकृती विचारली नाही, तिला पाहणीच्या कारकुनाने ती विचारली. तिने काय सांगावे? मराठी पत्राच्या मथळ्याखाली ‘येथील सर्व क्षेम’ हे जसे घरात कोणी अंथरुणास खिळलेले असले तरी लिहिले जात असे, तसेच ते उत्तर होते.

२००२ साली सेन यांनी हाच मुद्दा राज्याराज्यांतील तुलनेस लावून दाखविला. भारतात आयुर्मान सर्वांत अधिक असलेल्या राज्यांत केरळ अग्रभागी. परंतु ‘आपण आजारी आहोत’ असे सांगणारांतही केरळच पहिला. बिहारात आयुर्मान कितीतरी कमी, आणि तक्रारीही कमी. राष्ट्रीय नमुना पाहणीच्या २०१४ सालच्या फेरीत मागील पंधरा दिवसांत आजार झाल्याचे सांगणारे लोक देशभरात ग्रामीण भागात दर हजारी ८९ व शहरांत ११८ होते. केरळात ते ३०० च्या वर होते. केरळात वृद्ध माणसे अधिक आहेत, हे याचे एक कारण खरे. तथापि मोठे कारण असे की तेथे शाळा आहेत, दवाखाने आहेत, आणि खोकला तीन आठवडे राहिला तर तो दाखविला पाहिजे हे लोकांस ठाऊक आहे. सरकारने केवळ लोकांच्या सांगण्यावरून औषधांची वाटणी करावयाचे ठरविले, तर ज्यांना दवाखाना आहे त्यांनाच आणखी औषध मिळेल, आणि जेथे दवाखानाच नाही ते गाव कागदोपत्री निरोगी ठरेल.

हे अनुमान होते. त्याचा प्रत्यक्ष पुरावा महाराष्ट्रातच, गडचिरोलीच्या जंगलभागात, पुढे आला होता. डॉ. राणी बंग आणि डॉ. अभय बंग हे दांपत्य १९८६ पासून तेथे ‘सर्च’ ही संस्था चालवीत आले. स्त्रियांचे आरोग्य म्हणजे बाळंतपण आणि कुटुंबनियोजन, इतकीच सरकारदरबारी त्या काळी समजूत होती. बाळंतपणावाचून स्त्रीला जो त्रास होतो त्याची चौकशी खेड्यात जाऊन कोणी केलीच नव्हती. राणी बंग व त्यांच्या सहकाऱ्यांनी दोन खेड्यांतील ६५० स्त्रियांस नुसते विचारले नाही. त्यांची शारीरिक व प्रयोगशाळेतील तपासणीही केली. हा निबंध १९८९ च्या जानेवारीत लंडनच्या ‘लॅन्सेट’मध्ये प्रसिद्ध झाला. विचारल्यावर ५५ टक्के स्त्रियांनी काहीतरी तक्रार सांगितली, ४५ टक्के स्त्रियांनी काहीच त्रास नाही असे सांगितले. तपासणीत ९२ टक्के स्त्रियांस एक वा अधिक स्त्रीरोग असल्याचे आढळले. आणि यापूर्वी अशी तपासणी किंवा उपचार ज्यांस मिळाले होते अशा स्त्रिया होत्या अवघ्या ८ टक्के.

यांतील काही विकार लक्षणांवाचूनच असतात, तेव्हा ज्यांनी ‘नाही’ म्हटले त्या सर्वांनी दुःख गिळले असे समजणे बरोबर होणार नाही. परंतु अंगावरून जाणे, ओटीपोट दुखणे, कंबर धरणे हे बाईच्या जन्माबरोबरच येते, आईला होते, सासूला होते, जावेलाही आहे, असे जेथे सर्व मानतात, तेथे त्याला रोग म्हणावे हे सुचणार कसे? सुचले तरी सांगावे कोणाला? दवाखान्यात पुरुष डॉक्टर. एरवी आठ टक्के आणि ब्याण्णव टक्के यांमधील दरी कशाने भरून निघावी?

याच्या उलट बाजूचा पुरावा गोव्यात मिळाला. डॉ. विक्रम पटेल आणि त्यांचे सहकारी यांनी तेथील सुमारे अडीच हजार स्त्रियांची पाहणी करून २००५ साली तिचा अहवाल दिला. पांढरे जाण्याची तक्रार करणाऱ्या स्त्रियांच्या तपासणीत अपेक्षा होती जंतूंची. परंतु तक्रारीचा जंतुसंसर्गाशी संबंध क्षीण निघाला, आणि मनाच्या उदासीनतेशी, चिंतेशी व घरच्या जाचाशी तो दाट निघाला. गडचिरोलीत रोग होता आणि शब्द नव्हता. गोव्यात शब्द होता, पण तो ज्याचे नाव समजला जात होता तो रोग बहुधा तेथे नव्हता. ‘पांढरे जाते, अशक्तपणा वाटतो’ एवढेच दवाखान्यात जाऊन सांगता येण्याजोगे होते. घरात मन लागत नाही, रडू येते, हे केसपेपरवर लिहून घेण्यास कोणी बसले नव्हते. त्या बायकांची तक्रार खोटी मुळीच नव्हती. ऐकणाराने तिचा चुकीचा तर्जुमा केला आणि जंतुनाशक गोळ्या लिहून दिल्या.

मुंबईस देवनार येथे असलेल्या लोकसंख्याविज्ञान संस्थेने १९९२-९३ पासून राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणी चालविली. पहिल्या फेरीत मुख्यतः विचारण्यावरच भर होता. १९९८-९९ च्या दुसऱ्या फेरीत पाहणीच्या बायकांनी घरोघर जाऊन बोटास सुई टोचून रक्ताचा थेंब घेण्यास सुरुवात केली, आणि १५ ते ४९ वर्षांच्या विवाहित स्त्रियांपैकी निम्म्याहून अधिक स्त्रियांचे रक्त फिके निघाले. ‘आपणास पंडुरोग आहे काय?’ असे विचारले असते तर हे उत्तर कधीच आले नसते. २०१५-१६ च्या फेरीत रक्तदाब आणि रक्तातील साखरही मोजली गेली.

मग यंत्रे घ्यावी आणि विचारणे बंद करावे काय? ते शक्य नाही. वेदना मोजण्याचे यंत्र अद्याप निघालेले नाही. कॅनडातील मॅकगिल विद्यापीठाचे रोनाल्ड मेल्झॅक यांनी रोग्यांच्या तोंडचे वेदनेचे शब्द वर्षानुवर्षे टिपून घेतले आणि १९७५ साली त्यांतील ७८ शब्दांची, २० गटांत लावलेली, एक प्रश्नावली प्रसिद्ध केली. निरनिराळ्या रोगांचे रोगी निरनिराळे शब्द निवडतात असे त्यांस आढळले. मराठी घरात यात आश्चर्य वाटू नये. दाढ ठणकते, गळू ठुसठुसते, पोटात मुरडा येतो, कुशीत कळ येते, पाठीत चमक भरते, पायाला मुंग्या येतात, जखम चुरचुरते, हाडे कडकडतात. हे शब्द एकमेकांच्या जागी कोणी वापरीत नाही, आणि जाणता डॉक्टर त्यांवरून अर्धे निदान करतो. परदेशी प्रश्नावलीचे भाषांतर करताना यांतील प्रत्येकाच्या जागी ‘वेदना’ एवढाच शब्द घातला तर हे सगळे वाया जाते.

कॅनडातच मॅनिटोबा प्रांतात १९७१ साली ६५ वर्षांवरील तीन हजारांहून अधिक वृद्धांस विचारण्यात आले होते की तुमच्या वयाच्या मानाने तुमची प्रकृती उत्तम आहे, चांगली आहे, बेताची आहे की वाईट आहे. १९८२ साली मॉसी आणि शॅपिरो यांनी त्यांतील कोण जगले, कोण वारले याचा हिशेब लावला. ‘वाईट’ म्हणणाऱ्यांस लवकर मृत्यू येण्याचा संभव ‘उत्तम’ म्हणणाऱ्यांच्या जवळजवळ तिप्पट निघाला, आणि डॉक्टरांच्या दप्तरातील रोगांची नोंद हिशेबात धरूनही तो फरक पुसला गेला नाही. म्हाताऱ्यांस दप्तराहून अधिक काही ठाऊक होते. तोच प्रश्न पुढे इतर देशांत विचारला गेला, आणि १९९७ सालापर्यंत अशा २७ पाहण्या जमल्या. बहुतेकींचा निर्णय हाच. हा प्रश्न मराठीत विचारताना मधल्या पायरीस बहुधा ‘बरी’ हा शब्द सुचतो. परंतु ‘बरे आहे’ हे मराठी मनुष्य ताप उतरल्यावर म्हणतो, आणि ताप असतानाही दारी आलेल्या पाहुण्यास तेच म्हणतो. एकाच शब्दात सुखरूप आणि यथातथा दोन्ही मावतात, तेव्हा पाहणीस निघालेल्या बाईने ‘बरी’ असे लिहून घेऊन पुढच्या रकान्याकडे वळण्यापूर्वी, ‘बरी म्हणजे कशी?’ असे आणखी एकदा विचारून घेणे भाग पडते.